बेडीच्या वाटेवरचा सोमाजी

सोमाजीची आणि माझी ओळख कांद्यात झाली. डोंगरातल्या मंडळींबरोबर तो आमच्या निरगुडसरला कांदे काढायला यायचा, तेव्हाची गोष्ट. अंगानं काटकुळा, डोक्याला टोपी, आणि वाफ्यात बसला की हातापेक्षा तोंड जोरात. अडचण अशी व्हायची, की त्याचं ऐकता ऐकता बाकीच्यांचे हात थांबायचे. माझे वडील बांधावरून ओरडले, त्या सोमाजीला वेगळ्या वाफ्यात बसवा. बसवला. तर बाकीचे सगळे कांदे काढत काढत त्याच्याच बाजूला सरकायला लागले. शेवटी वडील त्याला गप्प करायला गेले आणि दिवस मावळेपर्यंत तिथंच बसून राहिले. घरी येऊन आईला म्हणाले, माणूस कामाचा नाही, पण उद्या त्याला सांगावा धाडायला विसरू नको.

त्या सोमाजीनं आता साठी ओलांडली. राहतो करवंदेवाडीला. घोडेगावहून डोंगरात जाणारी एसटी जिथून माघारी वळते, तिथून पुढं पाय दमवावे लागतात. खाचरात भात, उतारावर नाचणी आणि वरई, हंगामात हिरडा गोळा करायचा. शाळा चौथीपर्यंत. पण हे सगळं त्या वाडीतल्या कुणाहीबद्दल सांगता येईल. सोमाजीचं वेगळेपण बेडीच्या वाटेत आहे, आणि ते मी सावकाश सांगतो, कारण घाईनं सांगितलेलं मला स्वतःलाच आवडत नाही.

इंग्रजांच्या अमलात घाटमाथ्यावरून कोकणात उतरायला एक वाट फोडायला काढली होती. काम कैद्यांचं. पायात बेड्या, हातात पहार. म्हणून तिचं नाव बेडीची वाट. ती पुरी कधी झालीच नाही. डोंगराच्या कडेकडेनं जाते, दोन वळणं घेते आणि एका कड्याच्या तोंडाशी येऊन जी थांबते ती कायमची. पुढं नुसतं कोकण. खाली झाडी, तिच्यात मधेच एखादा कौलारू ठिपका, आणि ढग आपल्या पायाखालून चाललेले. कडा बघायला माणसं कुठून कुठून येतात, पण वाट कुणी फोडली हे सोमाजीनं सांगितल्याशिवाय कुणाला कळत नाही.

माझा नातू सुदर्शन यानं जीप घेतली आणि अर्ध्या दिवसाची सहल काढली. सकाळी घोडेगावातून निघायचं, कडा बघायचा, बेडीची वाट चालायची, सोमाजीच्या घरी भाकरी खायची आणि दुपारी माघारी. माहिती सांगायला कुणाला ठेवू, असं त्यानं मला विचारलं. मी म्हटलं, माहिती सांगणारा ठेवू नको, बोलणारा ठेव. तेव्हापासून सोमाजी आहे. आणि पुढच्या सीटवर मी आहे. सुदर्शन कुरकुरतो, की आजोबा, तुमच्यामुळं एक गिऱ्हाईक कमी बसतं. मी म्हणतो, अरे, एवढा म्हातारा पुढं बसलेला बघून गिऱ्हाईकाची घाटातली भीती जाते.

आता सोमाजीच्या सांगण्यातली गंमत ऐका. त्या वाटेवर बंडवाले होते. खरेखुरे, साहेबाशी भांडून बेडीत पडलेले. त्यांची नावं सोमाजी डोक्यावरची टोपी काढून घेतो. पण त्याच साखळीत त्याचा खापरपणजोबा गेणू होता, आणि तो म्हैस चोरून आलेला. सोमाजी हे सगळ्यांना मोठ्या हौसेनं सांगतो. वाडीतल्या बाकी घरांना ते आवडत नाही. कारण गेल्या काही वर्षांत वाडीतला एकेक पूर्वज बंडवाला झालेला आहे. एकाचा तर मला स्वतःला आठवतो. आधी तो जंगलातलं लाकूड तोडल्याबद्दल आत गेला होता, मग साहेबाचं लाकूड तोडल्याबद्दल, आणि परवा ऐकलं तर त्यानं साहेबच तोडला होता. अशा वाडीत एकटा गेणू म्हशीवर अडून राहिलेला.

एरवी हे चालून गेलं असतं. पण गेल्या वर्षी दसरा-दिवाळीच्या मधल्या दिवसांत सोमाजीवर वेळ आली.

त्याची धाकटी मोहिनी घोडेगावात नर्स आहे. हुशार, सरळ बोलणारी. जुन्नरच्या लॅबमध्ये काम करणाऱ्या गोरखशी तिचं मन जुळलं होतं. मुलगा त्यांच्याच समाजातला, जुन्नरच्या पश्चिमेच्या डोंगरातला. त्याला वडील नाहीत, चुलत्यानं वाढवलेला. चुलत्याचं नाव दादाभाऊ. गोरखनं सांगून टाकलं होतं, की चुलते नाही म्हणाले तर मला पुढं जाता येणार नाही. आणि मोहिनीही म्हणाली होती, की नाही म्हणालेल्या घरात मी जाणार नाही. म्हणजे सगळं त्या एका माणसाच्या होकारावर येऊन टेकलं होतं.

आमच्या भागात लग्न ठरायच्या आधी घराची चौकशी होते. तिची एक रीत आहे. चौकशीला आलेल्यानं चौकशीला आलोय असं दाखवायचं नाही. बैल बघायला आलो, रस्ता चुकलो, काहीही सांगायचं. आणि ज्याच्या घरी आला त्यानं ओळखलं असं दाखवायचं नाही. चुलत्याला आमच्या जीपचा शोध लागला. दादाभाऊ आणि त्यांच्या पत्नी शीलाबाई यांच्या नावानं सहलीच्या दोन जागा घेतल्या गेल्या. गोरखनं मोहिनीला फोन केला, मोहिनीनं आईला सांगितलं, आणि संध्याकाळपर्यंत करवंदेवाडीत ही गोष्ट माहीत नाही असा फक्त सोमाजीचा कुत्रा राहिला.

सोमाजीची बायको लंकाबाई. बोलायला मोजकी, पण बोलली की खुंटा ठोकल्यासारखी. तिनं सोमाजीला समोर बसवलं. मी तिथंच चहा पीत होतो. ती म्हणाली, ‘‘इतकी वरसं तुमी ती म्हैस गावभर फिरवली, मी काय बोलले न्हाई. उद्याच्या दिवस गेणूला बंडवाला करा. पोरीचं व्हऊन जाऊ द्या, मंग परत चोर करा.’’

सोमाजी माझ्याकडं बघायला लागला. मी बशीत बघायला लागलो. शेवटी त्यानं मान हलवली.

दुसऱ्या दिवशी जीपमध्ये मागं पुण्याच्या तिघी होत्या. त्यातली सोनल आधी एकदा येऊन गेलेली, या खेपेला दोन मैत्रिणींना घेऊन आली होती. मधल्या सीटवर दादाभाऊ आणि शीलाबाई. दादाभाऊ उंच, पांढऱ्या मिशा, कडक इस्त्रीचा सदरा. डोंगरात जन्म गेलेला माणूस, पण सहलीला आलोय हे दाखवायचं म्हणून सुदर्शनला विचारत होता, की हे समोर दिसतंय त्याला करवी म्हणतात का. शीलाबाई त्याच्या दंडाला चिमटा काढत होत्या. करवीच्या काठ्यांच्या कुडाच्या घरात वाढलेला माणूस हो तो. मीही गंभीरपणे मागं वळून सांगितलं, की होय, करवी.

वाडीच्या वर सोमाजी वाट बघत उभा होता. धुतलेलं धोतर, नवी टोपी. त्यानं सगळ्यांना हात जोडले आणि दादाभाऊंना ‘नवीन पाहुणे दिसताय’ असं म्हणाला. दादाभाऊ म्हणाले, ‘पेपरात वाचलं म्हणून आलो.’ कोणत्याही पेपरात आमच्याबद्दल एक ओळ आलेली नाही.

कड्यापर्यंत सगळं छान झालं. सोनकीच्या फुलांनी उतार पिवळा झालेला, खाचरातलं भात पिकून वाकलेलं, वारा असा की टोपी धरून बोलावं लागत होतं. मग सगळे बेडीच्या वाटेला लागले. खडकात एक लोखंडी कडी आहे. रात्रीची साखळी तिच्यातून ओवायचे. सोमाजीनं नेहमीसारखं प्रत्येकाला त्या कडीत बोट घालायला लावलं, बंडवाल्यांची नावं टोपी काढून घेतली. आणि मग आला गेणू.

मी सोमाजीला इतकी वर्षं ऐकतोय. कांद्यात, लग्नात, दहाव्याला, एसटीच्या टपावर. अडखळलेला कधी ऐकला नव्हता. तो म्हणाला, आमचा गेणू मोठा बंडवाला. त्यानं साहेबाच्या खजिन्यावर छापा घातला. दादाभाऊंनी विचारलं, कुठल्या खजिन्यावर. सोमाजी म्हणाला, घोडेगावच्या. मग थोडं पुढं गेल्यावर तोच खजिना जुन्नरला गेला. बरोबर माणसं किती होती, या प्रश्नाला तो म्हणाला, लई होती, आणि मग घाम पुसून म्हणाला, म्हणजे तसा तो एकटाच होता. दादाभाऊंचा आवाज अगदी साधा. त्यांनी विचारलं, हत्यार काय होतं. तलवार, सोमाजी म्हणाला. ती आता कुठं असते, दादाभाऊंनी विचारलं.

‘‘ती व्हय,’’ सोमाजी म्हणाला, ‘‘ती म्हशीच्या मागं राह्यली. म्हंजे गोठ्यात.’’

मी कोकण बघायला लागलो. सुदर्शननं बूट बांधायला घेतला, त्याच्या पायात चप्पल होती. आणि तेवढ्यात सोनल अगदी गोड आवाजात म्हणाली, ‘‘काका, पण मागच्या वेळी तुम्ही वेगळं सांगितलं होतं. ती घंटेची गोष्ट. मी यांना त्या म्हशीसाठीच तर आणलंय.’’

पोरीची चूक काहीच नव्हती. तिला काय ठाऊक कोण कशाला आलंय. सोमाजी त्या कडीकडं बघत उभा राहिला. त्याच्या मनात काय चाललं होतं ते मला कळत होतं. एकीकडं मोहिनी, दुसरीकडं ज्याच्या वाटेवर उभं राहून आपण बोलतोय तो गेणू. मग त्यानं नवी टोपी काढली, खडकावर बैठक मारली आणि माझ्याकडं बघून म्हणाला, ‘‘आण्णा, घरी लंकाबाईला काय सांगायचं ते आता तुमी बघा.’’

आणि मग त्यानं गोष्ट सांगितली. खरी.

गेणूच्या लग्नात सासऱ्यानं म्हैस कबूल केली होती. लग्न झालं, वर्ष झालं, म्हैस काही येईना. गेणू एका रात्री सासुरवाडीला गेला आणि गोठ्यातून म्हैस सोडली. म्हशीच्या गळ्यात घंटा. आवाज होईल म्हणून त्यानं ती काढली. इथपर्यंत हुशारी. पण घंटा होती पितळेची, चांगली. टाकून द्यायला जीव होईना. म्हणून त्यानं ती स्वतःच्या करगोट्याला बांधली. आता म्हैस गुपचूप चाललीय आणि गेणू वाजतोय. सासरा जागा झाला, आवाजाच्या मागं मागं निघाला आणि अंधारात ज्याला धरलं तो जावई निघाला.

इथं पुण्याच्या पोरी हसून हसून खाली बसल्या. शीलाबाईंनी तोंडाला पदर लावला. दादाभाऊंची मिशी हलली नाही.

सासऱ्यानं रागाच्या भरात फिर्याद दिली. दुसऱ्या दिवशी राग उतरला, पण फिर्याद काही उतरेना. साहेब म्हणाला, चोर तो चोर. गेणूच्या पायात बेडी पडली आणि तो या वाटेवर आला. सासरा रडत घरी गेला. आणि मग दर बाजाराच्या दिवशी तो डोंगर चढून यायचा, शिपायाच्या हातापाया पडायचा आणि जावयाला भाकरी आणि ताक द्यायचा. त्याच म्हशीचं ताक.

‘‘गेणू सुटला,’’ सोमाजी म्हणाला, ‘‘तवा सासरा म्हैस घिऊन हितं उभा व्हता. बाकीचे कैदी ह्या वाटंकडं परत बघायला आले न्हाईत. ह्यो हितंच राह्यला. म्हणला, एवढा दगुड म्या फोडला, आता ह्याच्यावरनं माझी म्हैस चालू द्या. आमची वाडी तिथनं सुरू झाली. आता चोराची म्हणा, न्हाईतर म्हशीची म्हणा.’’

त्यानं टोपी घातली आणि पुढं चालायला लागला. दादाभाऊ त्याच्या मागून निघाले.

लंकाबाई दारात उभी होती. माणसं वळणावरून उतरताना तिला दिसली आणि तिला तिथूनच कळलं. बंडवाल्याची गोष्ट ऐकून आलेली माणसं अशी एकमेकींच्या खांद्यावर पडत हसत नाहीत. ती आत गेली. चुलीवर तवा जरा जोरात आपटल्याचा आवाज आला.

आता पंचाईत पुढं होती. चौकशीला आलेला माणूस त्या घरचं अन्न-पाणी घेत नाही. घेतलं म्हणजे होकार दिला असं धरतात. पण सुदर्शनच्या सहलीत भाकरी धरलेलीच आहे. पुण्याच्या पोरी ओळीनं बसल्या, नाचणीच्या भाकरी आणि वालाची भाजी सुरू झाली. शीलाबाई पाय धुवायच्या निमित्तानं मागच्या दारी गेल्या. दादाभाऊ म्हणाले, पोट जड आहे, आणि अंगणात जाऊन म्हैस बघत उभे राहिले. सोमाजीही जेवायला बसला नाही. ओट्याच्या कडेला हात मांडीत घालून बसून राहिला. एवढा गप्प सोमाजी मला बघवेना, म्हणून मी दादाभाऊंना आमच्या कांद्याची गोष्ट सांगितली. ते हसले नाहीत. मग मी माझ्या मेहुण्याच्या बकरीची सांगितली. तिलाही नाही.

तेवढ्यात मोहिनी बाहेर आली. हातात पाण्याचा तांब्या. रीतीप्रमाणं तिनं त्यांच्यासमोर यायलाच नको होतं. तिनं तांब्या दादाभाऊंच्या पुढ्यात ओट्यावर ठेवला.

‘‘काका, बाकीच्यांना दिलं तसं तुम्हालाही आणलंय,’’ ती म्हणाली. ‘‘प्यायचं का नाही ते तुम्ही ठरवा. पण आमच्या वडिलांनी आज जे खोटं सांगायला घेतलं ते माझ्यापायी. नंतर जे सांगितलं तेच आमचं.’’

आणि आत निघून गेली. झालं. सगळं पांघरूण तिनं एका ओढीत काढून टाकलं. आता कोण कुणाला ओळखत नाही म्हणणार.

दादाभाऊ ओट्यावर बसले. सोमाजीकडं न बघता, म्हशीकडं बघत बोलायला लागले.

‘‘पावणं, माझ्या दोन पोरी म्या दिल्या. त्या येळला लई घरं फिरलो. ज्या घरात जावं तिथला पणजा फासावर गेलेला. मला रातच्याला इचार पडायचा, समदेच फासावर गेले तर आपली ही वाड्यावस्ती वाढली कुणापासनं?’’

सोमाजीनं मान वर केली.

‘‘आज तुमी खोटं बोलत व्हता तवा माझ्याच छातीत धडधडाय लागलं. म्हटलं, ह्या माणसाला हे काम येत न्हाई, कशाला करतोय.’’ ते थांबले. ‘‘ज्याला खोटं एवढं वाईट बोलता येतं, त्याच्या घरची पोर आमच्यात आली तर बरंच हाय. फकस्त आमच्या गोरखला म्हैस कबूल करू नका. केली तर लगीच द्या.’’

आणि त्यांनी तांब्या उचलला आणि ते घटाघटा पाणी प्यायले. सोमाजीनं उपरण्यानं डोळे पुसले. मीही पुसले, वारा फार होता.

मग दादाभाऊ उठले, सदरा सारखा केला आणि आपला निकाल पत्नीला सांगायला गंभीर चेहऱ्यानं आत गेले. त्यांच्या मागं सोमाजी, सोमाजीच्या मागं मी. आत बघतो तर शीलाबाई चुलीपाशी लंकाबाईच्या मांडीला मांडी लावून बसलेल्या. ताटात अर्धी भाकरी उरलेली, बाकीची पोटात गेलेली. दोघींचं बोलणं लग्न माघात करायचं का फाल्गुनात, इथवर आलं होतं. लंकाबाईचं म्हणणं माघ, कारण फाल्गुनात मोहिनीला सुटी मिळत नाही.

दादाभाऊ दारातच उभे राहिले. शीलाबाईंनी वर बघितलं.

‘‘अवो, बसा आता,’’ त्या म्हणाल्या. ‘‘किती येळ म्हशीशी बोलताय. वालाची भाजी संपत आली.’’

एवढा मोठा माणूस मुकाट्यानं पाटावर बसला. सोमाजी त्याच्या शेजारी बसला, आणि दुसऱ्या घासाला त्याचं तोंड सुरू झालं ते थांबलं नाही.

पुण्याच्या पोरींना मग कुणीतरी सगळं समजावून सांगितलं. सोनलनं कपाळाला हात लावला आणि लंकाबाईची माफी मागायला गेली. लंकाबाई म्हणाली, माफी नंतर, आधी बटाटे सोल. कारण आता नातं ठरलं होतं आणि ठरलेल्या घरातून तोंड गोड केल्याशिवाय, पुन्हा नीट जेवल्याशिवाय कुणी उठायचं नाही. वाडीतून बाया आल्या, कुणी गूळ आणला, कुणी तांदळाचं पीठ आणलं. ज्या घरातले पूर्वज बंडवाले झाले होते त्या घरातले लोकही आले आणि म्हशीबद्दल अवाक्षर न काढता दादाभाऊंच्या पाया पडले. घाटाच्या अलीकडच्या टेकाडावर जिथं रेंज येते तिथं मोहिनी एकटीच चढून गेली, फोन करायला. खूप वेळ खाली आली नाही.

सुदर्शन मधून मधून घड्याळ बघत होता. सहल अर्ध्या दिवसाची, आणि त्याला तिसऱ्या प्रहरी निरगुडसरची माणसं घ्यायची होती. तो मला म्हणाला, आजोबा, आता उठवा ना सगळ्यांना. मी म्हटलं, अरे, मला कशाला सांगतोस. तिकडं बघ, सोमाजीनं दादाभाऊंना आत्ता कुठं माझ्या वडिलांची आणि कांद्याची गोष्ट सांगायला घेतलीय. मी सांगितली तेव्हा हा गृहस्थ ढिम्म हलला नव्हता. आता त्याच गोष्टीला पोट धरून हसत होता.

आम्ही घोडेगावात पोचलो तेव्हा दुकानांचे दिवे लागलेले होते.